तांदळातला खडा

नारोपंत मास्तर वर्गात रोज एक खोटं बोलायचे, आणि बोलणार आहोत हे आधी सांगून बोलायचे.

सकाळी रुळाच्या तुकड्याची घंटा व्हायची, प्रार्थना व्हायची. मग ते काळ्या टोपीची कड दोन बोटांनी सारखी करायचे, चोरीचा माल शोधायला आल्यासारखे पोरांकडे बघायचे आणि हळू आवाजात म्हणायचे, "आजच्या तांदळात एक खडा आहे. दाताखाली आला की सांगा."

एवढं बोलून धडा सुरू. भूगोल असो, हिशेब असो, की एखाद्या किल्ल्याची गोष्ट असो, त्यात कुठंतरी एक वाक्य साफ खोटं असायचं. कुठं, ते त्यांना ठाऊक. ज्याला ते सापडलं त्यानं उभं राहून "खडा" म्हणायचं, आणि खडा कसा तेही सांगायचं. नुसतं अंदाजानं "खडा" म्हणणाऱ्याला ते विचारायचे, "कशावरून?" हा त्यांचा लाडका शब्द. वर्गाबाहेरही तो त्यांच्या तोंडी असायचा. मी सकाळी भेटलो आणि त्यांनी "काय, बरे आहात ना?" असं विचारलं, मी "बरा आहे" म्हटलं, की ते म्हणायचे, "कशावरून?" मग मला खरंच वाटायचं की आपण बरे नाही. घरी जाऊन मी जीभ आरशात बघायचो.

गावाचं नाव मी सांगत नाही. नसरापूरहून आत, गुंजवणीच्या अंगानं तोरण्याकडे वर जाताना लागतं एवढं पुरे. तिथली माणसं अजून हयात आहेत आणि अजून संशयी आहेत. तेव्हा भोर संस्थानची मराठी शाळा भैरोबाच्या धर्मशाळेत भरायची. मास्तर दोन. नारोपंत थोरले मास्तर आणि मी धाकले मास्तर. माझ्या डोक्यावरचे केस तेव्हाच मागं सरकू लागले होते, पण गावाच्या हिशेबी मी धाकलाच. धर्मशाळेला मधे भिंत नव्हती. एका टोकाला तिसरी-चौथी घेऊन नारोपंत, दुसऱ्या टोकाला बिगारीपासून दुसरीपर्यंतची पोरं घेऊन मी. मधे एक खांब होता, त्याला आम्ही भिंत समजायचो.

माझ्या शिकवण्याबद्दल दोन शब्द सांगितले पाहिजेत. मी जीव तोडून शिकवायचो. माझ्या आवाजाला मात्र काहीतरी गुण होता. पोरं पेंगायची. एकदा एक पोर झोपलं, त्याच्या खांद्यावर दुसरं झोपलं, आणि अशी ओळच्या ओळ खांबापर्यंत आडवी झाली. गावातली एक लेकुरवाळी बाई दुपारी तान्हं पोर घेऊन शाळेच्या पायरीवर येऊन बसायची. मला वाटायचं, बाईला शिक्षणाची ओढ आहे. पुढं कळलं की ते पोर दुसऱ्या कशानंच निजत नव्हतं.

आणि जी जागी असायची ती माझ्याकडे पाठ करून बसायची. नारोपंतांचा खडा ऐकायला.

नारोपंत कधी ओरडले नाहीत. छडी त्यांच्याकडे होती, पण ती नकाशा दाखवायला. उलट ते इतकं हळू बोलायचे की पोरं गुडघ्यांवर पुढं सरकायची. "नीरा नदी," ते म्हणायचे, "आपल्या भोरवरून पुढं पश्चिमेला वाहते आणि समुद्राला मिळते." लगेच पाटलाचा पोरगा उठायचा. खडा. त्याची आत्या खाली पूर्वेला फलटणच्या बाजूला दिलेली, तिच्या उसाला नीरेचं पाणी. पाणी पश्चिमेला गेलं तर आत्या ऊस कशावर लावते? किंवा ते म्हणायचे की तोरण्यापेक्षा सिंहगड उंच. मग धनगरवाड्यातली हौसा उठायची. चौथीत ती एकटीच मुलगी. रोज डोंगर उतरून यायची, आणि बसायची अशी की पुढच्या क्षणाला मेंढरू पळणार आहे. "खडा. तोरण्यावरनं सिंहगडाचं टकुरं खाली दिसतं. म्या बघितलंय."

कधीकधी ते दिवसभर शिकवायचे आणि शेवटी सांगायचे, "आज खडा नव्हता." हे सगळ्यात वाईट. पोरं एकेक वाक्य चावून चावून दमलेली असायची. घरी जातानाही त्यांची खात्री नसायची की "आज खडा नव्हता" हाच खडा नव्हे.

मी एकदा त्यांना म्हटलं, असं खोटं शिकवून पोरांचा तुमच्यावरचा विश्वास उडेल. ते म्हणाले, "उडू द्या. विश्वास बसला की कान मिटतात. तुमच्यावर पोरांचा फार विश्वास आहे."

एक दिवस मीही खडा टाकून बघितला. दोन आणि दोन पाच, असं फळ्यावर ठणकावून लिहिलं आणि वाट बघत उभा राहिलो. पोरांनी ते पाटीवर उतरवून घेतलं. दुसऱ्या दिवशी दोन पालक आले.

नारोपंतांचा खडा धर्मशाळेत राहिला असता तर हे लिहायचं कारण नव्हतं. पण दाताला लागलेली सवय घरी गेल्यावर सुटत नाही. आमच्या खोऱ्यातल्या पुरुषमाणसांना वाघ दिसण्याची पिढीजात सवय होती. नसरापूरच्या बाजाराहून उशिरा परतलेल्या माणसाला वाटेत वाघ आडवा आलाच पाहिजे. आता पोरं विचारू लागली, वाघ कुठं बघत होता, शेपटी कुठल्या अंगाला होती, मग तुमच्या हातातली बाटली कशी फुटली नाही. त्या वर्षी आमच्याकडचे वाघ एकदम कमी झाले.

सप्ताहाला भोंगवलीकडून एक कीर्तनकार बुवा आले. पूर्वरंगातच त्यांनी सांगितलं की मी आळंदीहून अनवाणी चालत तुमच्या गावी आलो. मागच्या रांगेतून चार-पाच आवाज एकदम आले, "खडा." पोरांनी बुवांना वरव्याच्या फाट्यावर सर्व्हिस मोटारीतून उतरताना बघितलं होतं, पायात चढाव घालून. बुवांनी टाळ खाली ठेवले. प्रसाद त्या दिवशी लवकर वाटला.

गाव आधीच संशयी, त्यात आता पोरांचा धाक बसला. वाणी "गूळ ताजा आहे" म्हणायच्या आधी दुकानात पोर आहे का ते बघायचा. सासवा सुनांशी अंगणात बोलेनाशा झाल्या. नवरे बायकांना कुठं होतो ते खरं सांगू लागले, त्यामुळं भांडणं वाढली. लोक म्हणायचे, थोरल्या मास्तराकडं कसलीतरी विद्या हाय. इतकी वर्षं पोरांना ओढत, बडवत शाळेत घालावं लागायचं. आता ती घंटेच्या आधी पळत जातात. पोरं आपण होऊन शाळेत जातात याचा अर्थ कायतरी गडबड हाय. न्हाईतर पोरगं शाळेत हसत कशापायी जाईल?

संशयाला आणखी एक जागा होती. नारोपंतांचं घर.

त्यांना मूलबाळ नव्हतं. त्यांच्या पत्नी, उमावहिनी, वातानं अंथरुणाला खिळलेल्या. दोन्ही पाय गेले होते. वैद्यांनी सांगून ठेवलं होतं की यांना हलवू नका, बैलगाडीच्या हिसक्यांनी उरलंसुरलं जाईल. घरात दोघंच. पाणी आणणं, भात टाकणं, वहिनींना उठवून बसवणं, सगळं नारोपंत करायचे. अधूनमधून आमची ही जाऊन वेणीफणी करून द्यायची. शाळा सुटली की ते कुठं थांबायचे नाहीत, पारावर नाही की चावडीवर नाही. घरी जायचे, दार लोटून घ्यायचे, आणि मग आतून त्यांचं बोलणं ऐकू यायचं. बराच वेळ एकटेच बोलताहेत. आणि मग बाईमाणसाचं हसणं.

हे हसणं गावाला फार खटकलं. दुखणेकरी बाईनं कण्हावं. हसती कशाला? पाणवठ्यावर यावर पुष्कळ विचार झाला. एकीचं म्हणणं, वहिनी नव्हेच ती, दुसरंच कोणीतरी आहे. दुसरीचं म्हणणं, वहिनीच आहे, पण अंगात येतं.

शेवटी आमची ही एका संध्याकाळी वाडगाभर आमसुलाचं सार घेऊन गेली आणि परत आली ती चुलीपुढं बसूनच राहिली. मी विचारलं, कोण हसतं? ती म्हणाली, "खडे त्या करतात."

मला काही कळेना. मग तिनं सगळं सांगितलं. पाय गेल्यावर वहिनींनी भिंतीकडे तोंड केलं होतं. बोलत नसत, जेवत नसत. नारोपंत पोथी वाचायचे, गावातलं सांगायचे, त्या ऐकतही नसत. एकदा ऐन श्रावणात ते बोलता बोलता चुकून म्हणाले की आज मी गुंजवणी चपला न भिजवता ओलांडून आलो. वहिनींनी मान वळवली. "श्रावणात?" कित्येक दिवसांतला तो पहिला शब्द. दुसऱ्या दिवशी नारोपंत मुद्दाम चुकले. तिसऱ्या दिवशी पुन्हा. वहिनी प्रत्येक चूक पकडू लागल्या, मग हसू लागल्या, आणि एक दिवस म्हणाल्या की हे पोरांना करून बघा. तेव्हापासून उद्याचा खडा आज संध्याकाळी वहिनी तयार करतात. नारोपंत तो सकाळी वर्गात टाकतात, आणि शाळा सुटली की येऊन सांगतात, कोणी पकडला, कसा पकडला, कोण आधी चुकलं. "त्या वाट बघत असतात हो," ही म्हणाली. "दुपारपासून दाराकडे बघतात. एवढं ऐकलं की मग चार घास जेवतात."

यापुढं मी नारोपंतांच्या वर्गाकडे तोंड करून बसणाऱ्या माझ्या पोरांना रागावलो नाही. म्हणजे थोडा कमी रागावलो.

मग चावडीची बैठक झाली. पाणंदीच्या रस्त्यावरून भांडण होतं. पाटील उभे राहून म्हणाले, "गावाच्या भल्यापायी मला रातीची झोप लागत न्हाई."  पाटलांचा पोरगा, तोच आत्याच्या उसाचा, वडिलांच्या मागं बसला होता.  त्यानं फक्त मान खाली घातली आणि ओठ दाबून धरले. ते सगळ्या चावडीनं बघितलं. आधी एक हसला, मग सगळे.

पाटील त्याच आठवड्यात भोरला जाऊन आले. मास्तर संस्थानचा पगार घेऊन पोरांना खोटं शिकवतो, "खडा" ही कसली तरी खूण आहे, पोरं मोठ्या माणसांचं ऐकत नाहीत, उद्या सरकारचं ऐकणार नाहीत, असं त्यांनी कचेरीत तोंडी सांगितलं. दिवस असे होते की कचेरीला मास्तर मंडळींचा आधीच संशय. सभा-मिरवणुकांची हवा संस्थानातही येऊ लागली होती. निरोप आला की शाळाखात्याचे दिपोटी, म्हणजे शाळा तपासणारे साहेब, येऊन वर्ग बघतील. तक्रार खरी निघाली तर थोरल्या मास्तरांची बदली घाटाखाली, सुधागडच्या बाजूला.

घाटाखाली म्हणजे दोन मुक्कामांची बैलगाडी. वहिनींना घेऊन ते जाणं शक्य नव्हतं आणि ठेवून जाणंही शक्य नव्हतं. नारोपंतांनी आम्हा सगळ्यांना एवढंच बजावलं की घरी यातलं एक अक्षर कळता कामा नये.

यात माझं एक वेगळंच झालं. पाटील भोरला गेले त्याच आठवड्यात मीही भोरला गेलो होतो, दाढ काढायला. नारोपंत गेले तर थोरला मास्तर मी होणार, हे गावाला बोटांवर मोजता येत होतं. गावानं मोजलं. लोक माझ्याशी फार गोड बोलू लागले. वाण्यानं मला ताजा गूळ दिला. मी ज्याला त्याला तोंड उघडून दाढेची रिकामी जागा दाखवत सुटलो. नारोपंतांनाही दाखवली. त्यांनी वाकून नीट बघितली आणि म्हणाले, "कशावरून याच आठवड्यात?"

घरी हिनं मला ताटात भात वाढला आणि आमटी वाढायची विसरली. ती कधी विसरत नाही.

दिपोटी आले. उंच, सडपातळ गृहस्थ, घोड्यावरून उतरल्या उतरल्या त्यांनी धर्मशाळेच्या भिंती तपासल्या, फळ्याच्या मागं वाकून बघितलं. मला बाजूला घेऊन विचारलं, खडा म्हणजे काय? मी म्हटलं, दगडाचा लहान तुकडा. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी दाढ दाखवायच्या बेतात होतो.

मग ते नारोपंतांच्या वर्गासमोर खुर्चीवर बसले. मागं पाटील आणि चार कारभारी. नारोपंतांनी टोपी सारखी केली. तांदळाचं काही बोलले नाहीत. सरळ संस्थानचे तालुके शिकवले, नद्या, घाट, बाजारपेठा, सगळं छापल्यासारखं खरं. पोरं मात्र तशीच ताठ बसून एकेक शब्द चावत होती. हौसाच्या भुवया जुळल्या होत्या. धडा संपला, खडा आला नाही. दिपोटींनी जांभई आवरली. तक्रारीत काही दम नाही, असं त्यांच्या तोंडावर दिसू लागलं. मी सुटकेचा श्वास टाकला.

निघताना पोरांशी दोन शब्द बोलावेत म्हणून दिपोटी उभे राहिले. म्हणाले, "मुलांनो, मी इकडून चाललो होतो, वाटलं तुम्हाला भेटावं. सहज आलो."

हौसा उभी राहिली.

"खडा," ती म्हणाली.

 दिपोटींनी विचारलं, ही काय म्हणते? कोणी सांगेना. तिनंच सांगितलं. "तुमी सहज न्हाई आला, सायेब. सहज आला असता तर पाटील शाळंत कशाला आलं असतं? त्यांनी शाळा आजवर आतनं बघितलेली न्हाई."

पाटील उठले, पुन्हा बसले. दिपोटींनी मागं वळून त्यांच्याकडे जरा वेळ बघितलं. मग नारोपंतांकडे. त्यांना विचारलं, हे तुम्ही शिकवलंत? आता नारोपंतांनी नाही म्हणायला काय हरकत होती? त्या दिवशी त्यांनी एक वाक्यही खोटं शिकवलं नव्हतं. पण ते हौसाकडे बघत होते, आणि त्यांचा चेहरा असा झाला होता की जणू त्यांना कोणी शालजोडी पांघरली आहे.

"होय," ते म्हणाले. "लक्ष देऊन ऐकलं तिनं."

दिपोटी माणूस वाईट नव्हता. मला वाटतं, मिशीखाली ते हसले असावेत, खात्री नाही. नारोपंतांना खांबाशी नेऊन ते म्हणाले की असा वर्ग मी संस्थानात दुसरा बघितला नाही, पण मास्तर जाणूनबुजून खोटं सांगतो हे उघड झाल्यावर मी भोरला काय उत्तर देऊ? हा प्रकार बंद करा, मी बदली थांबवतो.

पाटलांना नुसता शब्द पुरेना. त्यांनी भैरोबापुढं बेलभंडार मागितला. आमच्याकडे बेलाचं पान आणि भंडारा हातात घेऊन जे बोललं ते मोडत नाहीत; मोडणाऱ्याच्या सोयरिकी जुळत नाहीत. आम्हाला वाटलं, नारोपंत आता विचारतील, "कशावरून?" पण त्यांनी चपला काढल्या, गाभाऱ्याच्या उंबऱ्याशी गेले, बेलभंडार हातात घेतला.

"पोरांस्नी खोटं सांगणार न्हाई, म्हणा," पाटील म्हणाले.

"मुलांना खोटं सांगणार नाही," नारोपंत म्हणाले. त्यांच्या तळव्यांना भंडारा लागला होता. घरी जाण्याआधी त्यांनी तो ओढ्यावर थांबून धुतला. वहिनींनी विचारलं असतं.

दुसऱ्या दिवशी ते वर्गाला म्हणाले, "आजपासून तांदूळ निवडलेला आहे."

पहिले काही दिवस पोरांना वाटलं, हाच खडा. ती आणखी कान टवकारून बसली. असला दांडगा खडा मास्तरांनी आजवर टाकला नव्हता. मग हळूहळू त्यांच्या ध्यानात आलं की नीरा रोज पूर्वेलाच वाहते आहे. त्यांचा मास्तरांवर विश्वास बसला आणि ती पेंगायला लागली. पाटलाचा पोरगा खिडकीतून आंब्याचा मोहोर मोजू लागला. माझ्या पोरांनी एकेक करून तोंडं माझ्याकडे वळवली. इतकी वर्षं मी या क्षणाची वाट बघत होतो. आता तो आला तर मला त्यांच्याकडे बघवेना.

गाव खूश होतं. वाघ परत आले.

नारोपंत माझ्याशी कामापुरतं बोलायचे. मला त्याचं काही वाटत नव्हतं असं लिहिलं तर ते खरं होणार नाही. दाढेची जागा एव्हाना भरून आली होती, पुरावाही उरला नव्हता.

एका संध्याकाळी हिनं माझ्या हातात गरम साराचा वाडगा दिला आणि वहिनींकडे पोचवायला सांगितलं. तिच्या स्वतःच्या अंगात कसर होती. दिवेलागण झाली होती. मी ओट्यावर चढलो तेव्हा आतून नारोपंतांचा आवाज येत होता.

"...मी म्हटलं, मेंढी वरच्या आणि खालच्या पुढच्या दातांमधे गवत धरते आणि तोडते. कोणाला काही वाटलं नाही. पाटलाचा मुलगा तर मान डोलवत होता. हौसा लगेच उठली नाही. आधी तिनं मला पुरतं बोलू दिलं..."

मी तिथंच थांबलो. त्या दिवशी चौथीला त्रैराशिक होतं. मेंढीचं नाव निघालं नव्हतं. हौसा पाटीवर गाल टेकून झोपली होती, आणि उठली तेव्हा तिच्या गालावर उदाहरण उमटलेलं होतं. ते मी माझ्या डोळ्यांनी वाचलं होतं.

माघारी फिरावं असं वाटलं. पण वाडगा भाजत होता, म्हणून आत गेलो.

वहिनी लोडाला टेकून बसल्या होत्या. फार वाळल्या होत्या. डोळे मात्र असे की आत येणाऱ्याला आपले कपडे नीट आहेत ना ते बघावंसं वाटावं. नारोपंत बोलता बोलता थांबले आणि समईची वात सारखी करू लागले. ती सारखीच होती.

"बरं झालं आलात, भावोजी," वहिनी म्हणाल्या. "तुम्ही तिथंच असता. आजचा खडा हौसानं पकडला का हो?"

मी नारोपंतांकडे बघितलं. ते वातीकडेच बघत होते.

"हल्ली रोज पकडतात म्हणे पोरं," वहिनी म्हणाल्या. "एक दिवस चुकत नाहीत. मला यांचा संशय येतो."

"पकडला," मी म्हटलं.

"कसा, ते सांगा बघू."

मी वाडगा खाली ठेवला. मला खोटं बोलता येत नाही. घरी मी सुपारी खाल्ली तरी पकडला जातो. पण त्या बाईचं सगळं लक्ष माझ्या तोंडाकडे लागलं होतं, आणि काय सांगू, असं माझ्याकडे आयुष्यात कोणी बघितलं नव्हतं. मी सांगू लागलो. हौसा आधी शेजारच्या पोराकडे बघून हसली. मग पदर खोचल्यासारखा परकर खोचून उभी राहिली. म्हणाली, "खडा. मेंढीला वरलं म्होरलं दात नसत्यातच, मास्तर. नुसती हिरडी असती. म्या आजारी मेंढीच्या तोंडात हात घालून पाला भरविती, मला कुणी चावलेलं न्हाई." मग पाटलाचा पोरगा म्हणाला, मागचे दात असतात की. मग हौसा म्हणाली, मागलं तुला बगायचं आसलं तर तू घाल हात. मग वर्ग असा हसला की माझ्या बिगारीतली दोन पोरं जागी होऊन रडायला लागली.

वहिनी हसू लागल्या. हसता हसता त्यांना ठसका लागला, नारोपंतांनी पाणी पाजलं, तरी त्या हसतच होत्या. मग त्यांनी साराचा वाडगा ओढला, अर्ध्याहून अधिक प्यायल्या, आणि नारोपंतांना जवळ बोलावलं. उद्याचा खडा जरा अवघड हवा, त्या म्हणाल्या, ही पोरगी फार हुशार झाली आहे. त्यांनी तो त्यांच्या कानात सांगितला. नारोपंतांनी मान कलती करून शेवटपर्यंत ऐकला, आणि विसरू नये म्हणून एकदा ओठांतल्या ओठांत म्हणून बघितला.

मला पोचवायला ते ओट्यापर्यंत आले. आम्ही दोघंही जरा वेळ समोरच्या तोरण्याकडे बघत उभे राहिलो. काळोखात तो होता तेवढाच उंच होता.

"उद्यापासून दिवेलागणीला येत जा," ते म्हणाले. "मला एकट्याला रोज सुचत नाही."

मी हो म्हटलं. पायऱ्या उतरलो तेव्हा त्यांनी मागून हाक मारली, आणि तितक्याच हळू आवाजात म्हणाले, "आणि हौसाचं बोलणं तुम्हाला माझ्यापेक्षा बरं साधतं."

दुसऱ्या दिवशी दुपारी हौसा पुन्हा झोपली होती. मी माझ्या पोरांना पाढे म्हणायला लावले आणि खांबाला टेकून, संध्याकाळी ती काय म्हणणार आहे, ते जुळवत बसलो.